इनासच्या शेतावरचा पाचोळा

रविवार, १८ मे २०२५. सकाळी सहा वाजून दहा मिनिटे. गोराई.

इनास,

काल तुझ्या सातव्या दिवसाची मिस्सा झाली. फादर तुझ्याबद्दल चांगले बोलले. तू शांत स्वभावाचा होतास, असे त्यांनी सांगितले. मी मान खाली घातली. इतकी वर्षे बांधापलीकडून तुझ्या शिव्या ऐकलेला माणूस चर्चमध्ये हसताना दिसणे बरे नव्हे.

मिस्सेनंतर फादरांनी मला गाठले आणि पॅरिशच्या अंकासाठी तुझ्यावर दोन पाने मागितली. तू कोणत्या साली जन्मलास, बस डेपोत फिटर म्हणून कधी लागलास, निवृत्त कधी झालास, हे दुसरा कोणीही लिहील. मी शाळेत मराठी शिकवले, एवढ्यावरून मरणारा प्रत्येक मनुष्य लेखासाठी माझ्याकडे सोपवला जातो. एरवी मी नकार दिला असता. परंतु तुझ्याशी बोलायचे काही शिल्लक आहे, आणि ते तातडीचे आहे.

तुझे शेत उघडे पडले आहे.

शुक्रवारी तुझा पुतण्या एडी वाकोल्याहून चार मित्रांना घेऊन आला. मिस्सेनंतरचे जेवण घरात मावणार नव्हते, म्हणून घरामागच्या तुझ्या शेतात मांडव घालायचे ठरले. मांडवाआधी त्यांनी शेत साफ केले. साफ केले म्हणजे काय केले, ते तुला नीट सांगतो. भाताची धसकटे खणून काढली. वालाच्या कापलेल्या वेलांचा थर गुंडाळून उचलला. आंब्याचा आणि करंजाचा पाचोळा, जो तू पाट्या भरभरून आणून पसरत असायचास, तो खराट्याने ओढून काढला. अर्धा ढीग करून तेथेच पेटवला. उरलेला गोण्यांत भरून रस्त्याकडेला नेऊन ठेवला. शेवटी अंगण झाडावे तसा खराटा पुन्हा एकदा फिरवला.

संध्याकाळी एडीने मला हाक मारून बांधावर बोलावले.

"मास्तर अंकल, बघा ना! एकदम चकाचक. इनास अंकल आले ना आता, तर स्वतःचं शेत ओळखणार नाहीत."

हे त्याचे बोलणे अचूक होते.

"आणि तुम्हीच किती वर्षं ओरडताय, इनास, साफ कर, साफ कर. मी लहान असल्यापासून ऐकतोय यार. म्हटलं, चला, आता तरी मास्तर अंकलच्या मनासारखं होऊ दे."

त्याचे तळहात सोलले होते. ते त्याने मला दाखवले नाहीत. घाम पुसताना दिसले. मी त्याला पाणी प्यायला दिले आणि घरी आलो. त्या रात्री मी जेवलो, परंतु काय जेवलो ते सांगता येणार नाही.

मी 'बांधाची कड साफ कर' असे म्हणत आलो होतो. गावाने त्यातले पहिले दोन शब्द गाळून पाठ केले.

हा अंक वाचणाऱ्या तरुणांना आपला वाद नेमका कशाचा होता, हे ठाऊक नसेल. त्यांना केवळ आवाज ठाऊक आहे. म्हणून येथे नोंदवतो. तुझे शेत वर, माझे त्याखाली, माझ्याखाली नाला आणि नाल्यापुढे खाडी. पावसाचे पाणी या क्रमाने उतरते आणि उतरताना माती नेते. जाड रेती माझ्याकडे थांबते. बारीक माती, जिला पिकाचे अन्न चिकटलेले असते, ती थांबत नाही. ती गढूळ पाण्याबरोबर खाडीत जाते, आणि खाडीत भात लावता येत नाही. येथपर्यंत आपले एकमत होते.

माझे मत असे होते, आणि आहे, की बांध उंच व घट्ट असावा. पाणी शेतात अडवावे, गाळ खाली बसू द्यावा आणि मग वरचे निवळ पाणी सोडावे. तुला हे मान्य नव्हते.

"तू दारात पोलीस उभा करतोस, मास्तर," तू म्हणायचास. "माती जागेवरून उठली की गेलीच ती. मी म्हणतो, तिला उठूच देऊ नको. पांघरूण घाल आणि झोपव."

"तुझ्या पांघरुणात उंदीर राहतात. ते माझा बांध पोखरतात."

"त्यांना तुझा बांधच आवडतो रे. पक्कं बांधकाम!"

खोडकिड्याचा मुद्दा मी मांडला तेव्हा मात्र तुझ्याकडे विनोद नव्हता. धसकटांत कीड वस्ती करते आणि पुढच्या भातावर चढते, हे तुझ्या डोळ्यांसमोर घडले होते. त्या वर्षी तू काही न बोलता धसकटे उपटलीस आणि खड्ड्यात टाकून कुजवलीस. हरलो, असे म्हणाला नाहीस. पुढच्या वर्षी कीड नव्हती, तेव्हा जिंकलो असे मीही म्हणालो नाही. त्याऐवजी आपण वालावर भांडलो. मी वाल मुळासकट उपटत असे, तू जमिनीलगत कापत असायचास. मुळांवरच्या गाठी हेच खत आहे, ते शेताबाहेर कशाला टाकतोस, असे तुझे म्हणणे. एकदा तर माझ्या हातातला वेल हिसकावून तू ओरडलास, "मुळं उपटायला तू काय दातांचा डॉक्टर आहेस?" माझ्या शेतातला वेल, आणि तो तू हिसकावलास. त्यानंतर मीही कापू लागलो. तुझ्या सांगण्यावरून नव्हे. उपटताना कंबर दुखते.

सुक्या मासळीच्या खताबद्दल लिहिणार होतो, पण ते वाचून लोक हसतील आणि मला आज हसलेले चालणार नाही. इतकेच लिहितो की गावातल्या सर्व मांजरांना तुझे शेत माहीत होते.

माझी फिलोमिना आजारी होती ते वर्ष येथे यायला हवे. मी तिला घेऊन वांद्र्याच्या इस्पितळात ये-जा करत होतो. भात कसाबसा कापून झाला होता आणि त्यानंतर शेताकडे पाहायला मला वेळ नव्हता. एके दिवशी तिला घरी आणले, तर माझ्या शेतात वाल हातभर वर आला होता. तू विचारले नव्हतेस आणि नंतर सांगितलेही नाहीस. मी बांधावर आलो. तू तुझ्या बाजूला उकिडवा बसून विडी ओढत होतास.

"ओळी वाकड्या आहेत," मी म्हणालो.

"सरळ ओळीतला वाल लवकर शिजतो काय रे?"

फिलोमिना त्या उन्हाळ्यात गेली. त्या वालाची उसळ तिने खाल्ली होती, आणि चव लागते असे म्हणाली होती. त्या दिवसांत तिला कशाचीच चव लागत नव्हती. हे मी तुला सांगितले नाही. प्रत्येक वेळी सांगायला आलो की तू काहीतरी चुकीचे करत असायचास, आणि ते आधी सांगणे आवश्यक असे. आता सांगतो. तिला चव लागली होती. ओळी वाकड्या होत्या, हे माझे मत कायम आहे.

दफनाच्या वेळी सर्वांनी एकेक मूठ माती टाकली. मीही टाकली. टाकण्यापूर्वी ती चोळून पाहिली, सवय आहे. निव्वळ मुरूम होता. पाणी धरणार नाही, काही उगवणार नाही. माझ्या मागे रांग थांबली होती आणि कोणीतरी खाकरले, तेव्हा मूठ सोडली.

राहिला तो शेवटचा वाद. ईस्टरनंतर आपण बांधावर भेटलो होतो. उंदराच्या एका बिळावरून सुरुवात झाली आणि नेहमीप्रमाणे सर्व काही निघाले. तू म्हणालास, "बोलून बोलून जीभ झिजली, मास्तर. माती कोणाची झिजते ते मोजूया ना एकदा." मग ठरले. दोन्ही शेतांत बांबूच्या खुंट्या ठोकायच्या. जमीन जेथे टेकते तेथे कोयत्याने खाच पाडायची. भात कापल्यावर पाहायचे की कोणाची खाच जमिनीपासून किती वर राहिली. ज्याची जास्त वर, त्याची माती जास्त गेली. हरणाऱ्याने चर्चच्या पायऱ्यांवर सर्वांसमोर कान पकडायचे. खुंट्या मी तासून ठेवल्या आहेत.

आता सांग. या झाडलेल्या जमिनीत तुझ्या खुंट्या ठोकल्या, तर मी जिंकणार. पावसाच्या एका मोठ्या सरीत जिंकणार. तू उघडे ठेवलेले शेत आणि मी बांधलेला बांध, असा हा सामनाच नव्हता. तुझी बाजू म्हणजे तो पाचोळा. तो गोण्यांत भरून रस्त्यावर उभा आहे आणि कचरागाडी काल आली नव्हती, पण रविवारीही येते. आभाळ दोन दिवसांपासून दाटलेले आहे.

पहिल्या मिस्सेची घंटा झाली. मी गेलेलो नाही. खुर्चीवरून चार वेळा उठलो, चार वेळा बसलो. असे लिहून काही होणार नाही. येथे थांबतो.

*

पुन्हा बसलो आहे. उन्हे उतरली आहेत.

सकाळी मी हातगाडी घेऊन रस्त्यावर गेलो. तीन गोण्या आणून तुझ्या कुंपणाच्या आत ठेवल्या. चौथी चढवत होतो तोच गाडी आली. मागे उभा असलेला माणूस उतरला आणि त्याने पाचव्या गोणीला हात घातला.

"ती ठेवा," मी म्हणालो.

"का? ओला आहे की सुका?"

"कचरा नाही तो."

त्याने गोणीचे तोंड उघडून आत पाहिले. मग माझ्याकडे पाहिले.

"अंकल, पाला आहे ना हा? कचराच आहे."

"झाडावरून खाली पडला म्हणून पाला कचरा होत नाही. शेतातला आहे. शेतात जाणार."

"मग बाहेर कशाला काढला?"

मी चौथी गोणी हातगाडीवर ढकलली. तो गाडीवाल्याला ओरडून म्हणाला, "थांब रे दोन मिनिटं! इकडे लोक कचरा परत घेतायत!" आणि त्यानेच उरलेल्या गोण्या माझ्या गाडीवर चढवून दिल्या. जाताना म्हणाला, "उद्या दुसरं काही परत पाहिजे असेल तर आत्ताच सांगून ठेवा." तुझे त्याच्याशी चांगले जमले असते.

मांडव काल रात्रीच उतरवला होता. पहिल्या दोन गोण्या मी शेताच्या वरच्या कडेला ओतल्या आणि हाताने पसरू लागलो. फावड्याने पाचोळ्याचा एका जागी ढीग होतो, हे तुझे म्हणणे बरोबर आहे. तेवढ्यात तुझी मुलगी सिल्विया मागच्या दाराने बाहेर आली. नाहूरहून आल्यापासून ती तुझ्या घरीच आहे. तिच्या हातात चहाचा कप होता. तो तिने पायरीवर आपटूनच ठेवला.

"मास्तर अंकल! अहो, हे काय चाललंय? पोरांनी मरमर करून साफ केलं ना परवा!"

"पाहतो आहे."

"पप्पा होते तेव्हा तुम्हाला हाच कचरा नको होता. रोज भांडायचात. आता पप्पा नाहीत, तर तुम्हीच आणून टाकताय?"

"तेव्हा टाकायला तो होता."

 मग तिने जे सांगितले ते मला अपेक्षित नव्हते. पलीकडच्या रिसॉर्टवाल्याने काल जेवताना तुझे मोकळे शेत पाहिले. पाऊस लागेपर्यंत शनिवार-रविवारी गाड्या लावायला जागा द्या, असे त्याने तिला विचारले. ती हो म्हणाली होती. दुपारी तो आखणी करायला येणार होता.

"रिकामीच पडलीय ना जागा," ती म्हणाली. "पडून राहण्यापेक्षा... आणि साफ झालीच आहे. तुम्ही आता यावर पुन्हा हे सगळं टाकलंत तर मी त्याला काय सांगू?"

मला तिच्याशी भांडता आले नसते. तुझ्याशी भांडणे वेगळे. ती तुझी मुलगी आहे, शेत आता तिचे आहे, आणि माझा हक्क बांधापाशी संपतो. मी तिला बादली आणि तांब्या आणायला सांगितले. तिने आणले. मी तिला वर्गात शिकवले आहे. वर्गातला तो आवाज ती अजून ऐकते.

झाडलेल्या जमिनीवर मी उभ्यानेच तांब्याभर पाणी ओतले. ते आत गेले नाही. जमिनीवर आपटले, गढूळ झाले आणि ओघळ धरून खाली माझ्या बांधाकडे निघाले. दुसरा तांब्या नुकत्याच पसरलेल्या पाचोळ्यावर ओतला. पाने हलली. पाणी दिसेनासे झाले. खालून थोडे पाझरले, ते निवळ होते.

सिल्विया ओघळापाशी खाली बसली. तिने त्यात बोट बुडवले आणि अंगठ्यावर चोळून पाहिले, अगदी तुझ्यासारखे.

"ही माती चालली?"

"हो."

"एका तांब्यात?"

"मोठ्या सरीत वरचा थर जाईल. तो थर तुझ्या बापाने केला आहे. हे घर बांधायला लागला त्याहून जास्त वेळ त्याला त्यात लागला. त्यावर गाड्या फिरल्या तर चाकांखाली जमीन दबेल, आणि मग पाणी आत शिरणारच नाही. सगळेच वाहील."

"तुमच्याच शेतात येईल ना पण?"

तुझीच मुलगी. तो प्रश्न तू मला दरवर्षी विचारत असायचास, 'माझी मलई खातोस' म्हणून.

"रेती येईल. चांगली असेल ती खाडीत जाईल. आणि चांगली आली, तरी मला ती अशी नको."

तिने बोट ओढणीला पुसले. मग उठून घरात गेली आणि फोन घेऊन पुन्हा पायरीवर आली. मी ऐकत नव्हतो, परंतु तुझ्या घराण्यात कोणाला हळू बोलता येत नाही.

"हां, सिल्विया बोलतेय. ऐका ना, ती जागा नाही मिळणार... नाही, दुसऱ्या कोणाला नाही दिली... हो, दिसते रिकामी, पण नाहीये ना रिकामी... काय आहे म्हणजे?" येथे ती थांबली. नाक ओढल्याचा आवाज आला. "पप्पांचं काम चालू आहे तिकडे."

मी पाठ फिरवून पुढची गोणी सोडली. गोणीची गाठ फार घट्ट होती. ती सुटायला वेळ लागला.

त्यानंतर ती ओढणी कमरेला बांधून आली. "किती जाड?" विचारले. मी वीत दाखवली. तिने फार विरळ पसरले. मी दुरुस्त केले. मी बोललो की ती "कळलं हो, कळलं" म्हणत होती. तुझे बोलणे तुझ्याबरोबर जमिनीत गेलेले नाही, ते तिच्याकडे आले आहे. लावणीच्या वेळी हा पाचोळा चिखलात तुडवून मिसळायचा, हेही सांगितले. यंदा लावणी कोण करणार, हे तिने विचारले नाही आणि मी बोललो नाही. तो प्रश्न काही दिवस तसाच राहू दे.

गोण्या संपल्या तेव्हा शेताचा खालचा भाग उघडाच होता. तेवढा पाचोळा एडीने जाळला होता. जळलेल्या ढिगांची राख तशीच पडली आहे. राख हलकी, पहिल्या पाण्याबरोबर तीच प्रथम निघते. मी माझ्या घरामागचा पेंढा काढला. बांधाच्या चिखलात कालवण्यासाठी तो मी राखून ठेवला होता. राखेवर आधी पसरला, मग उरलेल्या जमिनीवर. शेत झाकले गेले. माझा बांध यंदा थोडा कच्चा राहील. याचा अर्थ मी तुझे म्हणणे मान्य केले, असा कोणी काढू नये.

खुंट्या ठोकल्या. तुझ्या तुझ्याकडे, माझ्या माझ्याकडे. खाचा सिल्वियासमोर पाडल्या, म्हणजे नंतर कोणी काही बोलणार नाही. तू हरलास तर पायऱ्यांवर कान कोणी पकडायचे, हे आपण ठरवले नव्हते. तू असे तपशील नेहमीच सोडून द्यायचास.

काम उरकल्यावर बांधावर थोडा वेळ उभा राहिलो. पलीकडून कोणी काही म्हणाले नाही. ओळी सरळ आहेत की नाहीत हे तपासण्यासाठी पुन्हा एकदा पाहिले. पाचोळ्याला ओळी नसतात. घरी आलो. हे लिहायला बसलो आणि पुन्हा उठलो, कारण पेंढ्याचा वास लागून खालच्या आळीतल्या शेळ्या तुझ्या फाटकाशी जमल्या होत्या. एकीने डोके आत घातलेच होते. तिला हाकलले. फाटकाला कडी नाही. सुतळीचे दोन वेढे दिले आणि गाठ आतल्या बाजूला मारली.